पडद्यामागचा कारभारी : बाबूराव पेंढारकर



मराठी चित्रपटाचा इतिहास आपल्याला दिग्दर्शकांच्या नावांनी पाठ आहे. दादासाहेब फाळके, बाबूराव पेंटर, व्ही. शांताराम, भालजी पेंढारकर, मास्टर विनायक, आचार्य अत्रे. नटनट्यांची नावेही आपण सांगू. पण महिन्याच्या अखेरीस शंभर माणसांचा पगार कुणी उभा केला, मुंबईहून कच्ची फिल्म वेळेवर कुणी आणवली, रुसून बिऱ्हाडी बसलेल्या नटाला कुणी समजावून सेटवर आणले, हे विचारले तर आपण एकमेकांकडे पाहतो. आज मी अशाच एका माणसाबद्दल बोलणार आहे. गंमत अशी की त्याचे नाव तुम्हांला ठाऊक आहे, पण दुसऱ्या कामासाठी. बाबूराव पेंढारकर म्हटले की 'अयोध्येचा राजा'तला गंगानाथ आठवतो, 'महात्मा फुले'मधले जोतीराव आठवतात. ते आधी मॅनेजर होते आणि पुढे निर्माते झाले, ही गोष्ट कुठेतरी तळटीपेत राहते.

मी वैद्यकी करणारा माणूस आहे, चित्रपटाचा अभ्यासक नव्हे. किला गेटच्या दवाखान्यात रोगी आला की आम्ही होमिओपॅथीवाले त्याला आधी आजचे दुखणे विचारतो आणि मग मागे मागे जातो : हे कधीपासून, त्याआधी काय झाले होते, घरात कोण कोण आहे. चित्रपट कंपन्या जन्मतात आणि पाचसहा वर्षांत मोडतात, हेही मला असेच एक जुने दुखणे वाटत आले आहे. म्हणून थोडे मागून सुरुवात करतो.

ग्वाल्हेरच्या मराठी माणसाला कारभार म्हणजे काय हे कुणी शिकवायला नको. लष्करात अजून दारांवर पाट्या आहेत : फडणीस, पोतनीस, चिटणीस, कारखानीस. एके काळी ही हुद्द्यांची नावे होती. पोतनीस खजिन्याचा हिशेब ठेवी, कारखानीस हत्तीखान्यापासून मुदपाकखान्यापर्यंतच्या खात्यांची सोय लावी. स्वारीचे श्रेय सरदाराला मिळे, आणि दाणावैरण कमी पडली की बोलणी कारखानिसाला. पुढे दरबारांचा जोर ओसरला आणि हीच विद्या नाटक कंपन्यांत गेली. दीडशे पात्रांचे आणि नोकरांचे बिऱ्हाड गावोगाव हलवायचे, पंगती उठवायच्या, पडदे नि पेट्या रेल्वेत चढवायच्या, आणि रात्री तिकिटांच्या पैशांची मोजदाद करायची. किर्लोस्कर मंडळीत हे काम शंकर बापूजी मुजुमदारांकडे होते. 'रंगभूमी' मासिकाचे संपादक म्हणून ते आपल्या वाचनात येतात. भाऊराव कोल्हटकर १९०१ साली वारल्यावरही ती कंपनी टिकली, यात मुजुमदारांच्या काटेकोरपणाचा वाटा मोठा आहे. पण नानासाहेब जोगळेकरांच्या निधनानंतर तोच काटेकोरपणा मंडळींना जाचू लागला. १९१३ साली बालगंधर्व, गोविंदराव टेंबे आणि गणपतराव बोडस बाहेर पडले आणि गंधर्व नाटक मंडळी निघाली. नव्या कंपनीत सूर होता, वैभव होते, खरी अत्तरे आणि खरे भरजरी शालू होते. 'नाही' म्हणणारा मात्र कुणी नव्हता. पुढे बालगंधर्वांच्या डोक्यावर कर्जाचा केवढा डोंगर झाला हे सर्वश्रुत आहे. मुजुमदारांची बाजू घेणारा माणूस मला आजवर फारसा भेटलेला नाही. मी ती थोडीशी घेतो.

चित्रपटात हे काम पहिल्यांदा एका बाईने केले. दादासाहेब फाळक्यांनी विम्याची पॉलिसी गहाण टाकली, १९१२ साली लंडनला जाऊन कॅमेरा आणि छिद्रे पाडण्याचे यंत्र आणले, दादरला बिऱ्हाड थाटले आणि 'राजा हरिश्चंद्र' काढला. तो ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये लागला. हे सगळे पाठ्यपुस्तकात आहे. त्या बिऱ्हाडात साठसत्तर माणसांचा स्वयंपाक सरस्वतीबाई करत होत्या. रात्री अंधाऱ्या खोलीत बसून फिल्मला छिद्रे पाडत, रसायने कालवत, दिवसा उन्हात पांढरी चादर धरून उजेड परतवत. दागिने त्यांनीच दिले होते. तारामतीचे काम करायला बाई मिळेना, तेव्हा अण्णा साळुंके या हॉटेलात काम करणाऱ्या तरुणाला लुगडे नेसवले. घरातल्या बाईला ते काम करता आले असते, पण मग बाकी सगळे कुणी पाहिले असते? आजच्या भाषेत प्रॉडक्शन मॅनेजर म्हणतात ते सरस्वतीबाईच होत्या, फक्त पगाराच्या यादीत त्यांचे नाव नव्हते.

पुढे १९१८ साली नाशकात हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी निघाली, पैसेवाले भागीदार आले, आणि घरातली व्यवस्था जाऊन कंपनीची आली. खर्चावरून फाळक्यांचे आणि भागीदारांचे बिनसले. दादासाहेब सोडून काशीला गेले, तिथे बसून 'रंगभूमी' नावाचे नाटक लिहिले, आणि दोनतीन वर्षांनी परत आले. एका बाजूला कलावंत, दुसऱ्या बाजूला भांडवलवाला, आणि दोघांचीही भाषा समजणारा मधला माणूस नाही. घरात तो होता, कंपनीत राहिला नाही.

आता कोल्हापूर. बाबूराव पेंढारकरांचा जन्म तिथला, १८९६ सालचा. भालजी त्यांचे धाकटे भाऊ, शांताराम त्यांचे मावसभाऊ, आणि मास्टर विनायक हेही घरातलेच. हे गोत लक्षात ठेवा, कारण पुढचे सगळे रामायण याच घरातले आहे.

कोल्हापुरात आनंदराव आणि बाबूराव मिस्त्री हे चित्रकार भाऊभाऊ कॅमेरा तयार करण्याच्या नादाला लागले होते. आनंदराव १९१६ साली गेले. धाकट्याने जिद्द सोडली नाही. हेच आपले बाबूराव पेंटर. गायिका तानीबाई कागलकर यांनी पैसे दिले आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. १९२० साली 'सैरंध्री' निघाला. लोकमान्यांनी पुण्यात तो पाहून पेंटरांना 'सिनेमा केसरी' म्हटले. त्यात स्त्रियांची कामे स्त्रियांनी केली, ही त्या काळी केवढी गोष्ट!

पेंढारकर या कंपनीचे मॅनेजर झाले. पेंटर हे जन्मजात चित्रकार : पोशाखाची, दागिन्याची, महिरपीची रेखाटने करण्यात रमणारे, मनासारखे होईपर्यंत काम पुढे न ढकलणारे. असा धनी असला की मॅनेजरची कसोटी लागते. त्या काळात चित्रण सूर्याच्या उजेडावर चाले. ढग आले की काम बंद, पण जेवणखाण आणि पगार चालूच. युद्धाच्या प्रसंगाला घोडे हवेत, ते दरबाराकडून मागायचे. मावळे हवेत, ते तालमीतून आणायचे. तालमीतल्या पोरांना दूध आणि खुराक द्यावा लागे. फिल्म परदेशी बनावटीची, ती मुंबईहून यायची, आणि ती वाया घालवणे म्हणजे सोन्याचा चुरा उधळणे. १९२३ सालच्या 'सिंहगड'मध्ये पेंटरांनी कृत्रिम प्रकाश वापरून रात्रीचे प्रसंग घेतले. ते पाहून आपण पेंटरांना मुजरा करतो, तो योग्यच आहे. पण ते दिवे, त्यांची वीज, आणि रात्रभर जागणाऱ्या माणसांचा चहा कुठून आला, याचाही एक इतिहास असतो.

या मॅनेजरने केलेल्या एका कामाची नोंद मात्र झालेली आहे. गंधर्व मंडळीत बालपणी काही काळ राहून आलेल्या शांताराम वणकुद्रे नावाच्या तरुण मावसभावाला त्यांनी १९२० साली कंपनीत नेऊन उभे केले. शांतारामांनी तिथे झाडण्यापुसण्यापासून पडेल ते काम केले, आणि १९२५ सालच्या 'सावकारी पाश'मध्ये तरुण शेतकऱ्याची भूमिका केली. विष्णुपंत दामले, फत्तेलाल आणि धायबर हे तिथेच तयार होत होते. माणूस ओळखून त्याला योग्य जागी बसवणे हे मॅनेजरचे अर्धे काम. या एका निवडीने बाबूरावांचे ते अर्धे काम झाले, असे मी म्हणेन.

१९२६ च्या सुमारास बाबूरावांनी आणि भालजींनी स्वतःची वंदे मातरम् फिल्म कंपनी काढून पाहिली. 'वंदे मातरम् आश्रम' हा मूकपट राष्ट्रीय शिक्षणाच्या विषयावरचा होता. नावच असे, की सेन्सॉरची कात्री ठरलेली. चित्र अडले, कापले गेले, आणि कंपनी काही फार चालली नाही. सरकारी नाराजीचा हिशेब कुठल्याही वहीत आधी मांडता येत नाही.

१ जून १९२९ रोजी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनीची स्थापना झाली. दामले, फत्तेलाल, शांताराम आणि धायबर हे चार कारागीर, आणि पाचवे सराफ सीतारामपंत कुलकर्णी, ज्यांनी पंधरा हजार रुपये घातले. पेंटरांकडे हे चौघे नोकर होते, इथे मालक झाले. पेंढारकर त्यांच्याकडे व्यवस्थापनाला आणि भूमिकांना आले. प्रभातचा लौकिक पुढे एवढा वाढला की तिच्या घडणीचा हा कोल्हापुरी काळ आपण घाईघाईने ओलांडतो. मला वाटते, इथेच थोडे थांबायला हवे, कारण याच काळात बोलपट आला आणि कारभार दुप्पट अवघड झाला.

मूकपटात दिग्दर्शक कॅमेऱ्याशेजारून ओरडून सूचना देई. बोलपटात सगळ्यांनी श्वास रोखून उभे राहायचे. बाहेरचा कावळा ओरडला तरी फिल्म फुकट. नट निवडताना रूप पुरेसे होईना, गळा आणि उच्चार पाहावे लागले. आणि सगळ्यांत मोठी गोष्ट म्हणजे प्रत्येक चित्र दोन भाषांत. 'अयोध्येचा राजा' १९३२ च्या फेब्रुवारीत आला. त्याचीच हिंदी आवृत्ती 'अयोध्या का राजा'. आज एका भाषेतले चित्र दुसऱ्या भाषेत बोलवून घेतात तसे तेव्हा नव्हते. सेट तोच, पोशाख तोच, नट बहुतेक तेच, पण प्रसंग मराठीत घ्यायचा आणि मग पुन्हा हिंदीत. म्हणजे फिल्म दुप्पट, दिवस दुप्पट, मराठी नटाचे हिंदी सुधारणाऱ्या माणसाचा पगार वेगळा. हा खटाटोप कशासाठी? तर आपल्यासारख्या गावांसाठी. मराठी बोलपटाचे खेडे-शहर धरून जे गिऱ्हाईक होते ते मुंबई इलाख्यात आणि वऱ्हाडात संपत होते. कानपूर, लाहोर, ग्वाल्हेर इथे चित्र लागायचे तर ते हिंदीच हवे. आपल्या आजी-आजोबांपैकी ज्यांनी प्रभातची तुतारी पडद्यावर पाहिली, त्यांतल्या बऱ्याच जणांनी ती हिंदी खेळाच्या आधी पाहिली असणार.

'अयोध्येचा राजा'त गोविंदराव टेंबे हरिश्चंद्र झाले आणि दुर्गाबाई खोटे तारामती. मुंबईच्या सुखवस्तू, सुशिक्षित घरातली सून कोल्हापूरला येऊन बोलपटात काम करते, ही त्या काळी वर्तमानपत्रांत गाजलेली गोष्ट. वीस वर्षांपूर्वी फाळक्यांना तारामतीसाठी पुरुष शोधावा लागला होता. या वीस वर्षांत बदल कलेत झाला तेवढाच व्यवस्थेतही झाला. चांगल्या घरातली स्त्री कामाला यायची तर तिची उतरण्याची सोय, येण्याजाण्याची सोबत, सेटवरची बोलीचाली, हे सगळे कुणीतरी सांभाळावे लागते. आणि त्याच चित्रात गंगानाथाच्या रूपाने तारामतीला छळणारा कोण, तर मॅनेजरसाहेब! बाबूरावांची उंची, भेदक डोळे आणि भरदार आवाज खलपुरुषाला असे शोभले, की त्यांच्या हातात हिशेबाची वही असते यावर पाहणाऱ्याचा विश्वास बसला नसता.

१९३३ साली प्रभात पुण्याला गेली. आज जिथे सरकारी फिल्म इन्स्टिट्यूट आहे तीच ती जागा. कोल्हापूर ओस पडू नये म्हणून राजाराम महाराजांनी कोल्हापूर सिनेटोन उभी केली. महाराजांच्या भगिनी अक्कासाहेब या देवासच्या थोरल्या पातीच्या महाराणी, म्हणजे आपल्या माळव्याच्या. त्यांनीही शालिनी सिनेटोनच्या रूपाने या धंद्यात लक्ष घातले. ज्यांना इंग्रजी वाचनाची आवड आहे त्यांना ई. एम. फॉर्स्टरचे देवास आठवेल. त्याने ज्या महाराजांची खाजगी सेवा केली, त्यांच्याच घराशी कोल्हापूरच्या या चित्रकारखान्यांचा असा संबंध आहे. संस्थानिकांनी पैलवान आणि गवई पोसले हे आपण जाणतो, त्यांनी स्टुडिओही पोसले हे विसरतो.

पेंढारकर मंडळी प्रभातबरोबर पुण्याला न जाता कोल्हापूर सिनेटोनमध्ये आली. भालजींनी तिथे 'आकाशवाणी' काढला, विनायकांनी १९३५ साली मामा वरेरकरांच्या कथेवर 'विलासी ईश्वर' दिग्दर्शित केला. शोभना समर्थ त्यातच पहिल्यांदा पडद्यावर आल्या. त्यांची लेक नूतन आणि नात काजोल यांची नावे तुमच्या नातवंडांनाही माहीत आहेत. पण राजाश्रयाचा एक स्वभाव असतो, आणि ग्वाल्हेरकरांना तो सांगायला नको. मालक थोर असला तरी निर्णय दूर कुठेतरी होतात, आणि चालवणाऱ्याला वाटते की कष्ट आपले, नाव दुसऱ्याचे.

१९३६ साली बाबूराव, विनायक आणि छायालेखक पांडुरंग नाईक यांनी हंस पिक्चर्स काढली. आता बाबूराव प्रथमच खऱ्या अर्थाने निर्माते होते आणि धनीही स्वतःच. त्यांच्या आयुष्यातला हा काळ मला सर्वांत मोलाचा वाटतो. प्रभातचा मार्ग पौराणिक, संतपर, भव्य असा होता. हंसने मराठी लेखकाला बोलावले. वि. स. खांडेकरांकडून 'छाया' लिहून घेतला, अत्र्यांकडून 'धर्मवीर', 'प्रेमवीर', 'ब्रह्मचारी', 'ब्रँडीची बाटली', 'अर्धांगी'. पांढरपेशा घरातली खोटी प्रतिष्ठा, दारूबंदीचा धसका, ब्रह्मचर्याचे ढोंग हे विषय पडद्यावर हसत हसत आले. लेखकाला कथेपोटी मोबदला देऊन त्याचे नाव जाहिरातीत ठळक छापायचे, ही रीत या कंपनीने वाढवली. त्याला साहित्यप्रेम म्हणा, पण माझ्या मते ते व्यवहारज्ञानही होते. ज्याच्याजवळ प्रभातसारखे महाल नाहीत त्याने चांगले लेखन विकत घ्यावे. कागदाला लाकूड आणि प्लास्टर लागत नाही.

१९३८ साली मात्र हा धडा ते विसरले. 'ज्वाला' नावाचे मोठे खर्चाचे पोशाखी चित्र दोन भाषांत काढले, चंद्रमोहनसारखा बडा नट घेतला, आणि ते कोसळले. त्याच वर्षीच्या 'ब्रह्मचारी'ने गल्ला भरला. मीनाक्षीबाईंच्या पोहण्याच्या पोशाखावर तेव्हा जो गहजब झाला त्याचा कंपनीला फायदाच झाला. एका वर्षात दोन चित्रे, एक मारणारे आणि एक तारणारे. छोट्या कंपनीचे हे असेच असते. तीन भागीदारांपैकी एक दिग्दर्शक आणि नट, एक छायालेखक, एक व्यवस्थापक आणि नट. भव्य चित्राचे स्वप्न पडले तेव्हा त्याला अडवायचे कुणी? पेंटरांकडे असताना बाबूराव पेंटरांच्या नावाने 'नाही' म्हणू शकत होते. प्रभातमध्ये पाच मालकांच्या नावाने. इथे समोर विनायक, घरातले, स्वतःच्या हाताखाली वाढलेले आणि आता नावारूपाला आलेले. आपल्याच माणसाला 'एवढे पैसे नाहीत' हे सांगणे परक्याला सांगण्यापेक्षा दसपट कठीण. शिवाय व्यवस्थापकाला स्वतःला त्या चित्रात भूमिका असेल, तर त्याचा हात हिशेबाच्या वहीवर कितीसा घट्ट राहणार? एकाच माणसाने गंगानाथ व्हायचे आणि पोतनीसही व्हायचे, हे फार काळ जमत नाही.

यावर त्यांनी काढलेला उपाय त्या वेळी शहाणपणाचा वाटला असणार. १९४० साली पुण्यात नवयुग चित्रपट लिमिटेड आली. लिमिटेड म्हणजे भागधारक, संचालक मंडळ, सभा, ठराव. घरच्या माणसाला 'नाही' म्हणणे कठीण तर ते काम संचालक मंडळाने करावे. सुरुवात छान झाली. 'लपंडाव' आला. चिं. वि. जोशींच्या लेखणीवर आधारलेला 'लग्न पहावे करून' आला. १९४१ साली खांडेकरांचा 'अमृत' आला. पण पंचांनी चालवलेले घर आणि घरच्यांनी चालवलेले घर यांत तंटे सारखेच होतात, फक्त पहिल्याचे कागद अधिक होतात. थोड्याच वर्षांत मंडळी पांगली. बाबूरावांनी न्यू हंस काढली आणि १९४२ साली विश्राम बेडेकरांकडून 'पहिला पाळणा' करवून घेतला. विनायक काही काळाने बाहेर पडले आणि त्यांनी प्रफुल्ल पिक्चर्स काढली. दीनानाथ मंगेशकर एप्रिल १९४२ मध्ये गेल्यावर त्यांच्या थोरल्या मुलीला, लताला, काम देऊन ज्यांनी आधार दिला ते हेच विनायक. ऑगस्ट १९४७ मध्ये तेही गेले, वयाच्या चाळिशीच्या आसपास.

या सगळ्या फाटाफुटीला फक्त स्वभावदोष कारण नव्हते, हेही सांगितले पाहिजे. महायुद्धात कच्ची फिल्म सरकारी नियंत्रणाखाली गेली. चित्राची लांबी ११,००० फुटांवर बांधली गेली, फिल्म परवान्यावर मिळू लागली. युद्धाच्या ठेकेदारीतून ज्यांच्या हाती अचानक पैसा आला ते मुंबईत निर्माते म्हणून उभे राहिले. त्यांना स्टुडिओ बांधायचा नव्हता, माणसे पोसायची नव्हती. एका चित्रापुरता नट घ्यायचा, त्याला कागदावर आणि कागदाबाहेर मोजून द्यायचे, चित्र पुरे झाले की सलाम. ज्या नटाला कंपनी महिन्याच्या पगारावर ठेवत होती, तो एका चित्राला वर्षाचा पगार मागू लागला. अशा बाजारात शंभर माणसांना बारा महिने सांभाळणारी कंपनी टिकणे शक्य नव्हते. शांतारामांनी १९४२ साली प्रभात सोडून मुंबईला राजकमल काढली. प्रभात १९५३ साली बंद पडली. कोल्हापूरच्या त्या जुन्या जागेत भालजींनी जयप्रभा स्टुडिओ चालवला, तो जानेवारी १९४८ मध्ये गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीत भस्म झाला. भालजींनी कर्ज काढून तो पुन्हा उभा केला. पण व्यवस्थापकाचा तो जुना अर्थ, कंपनीचा कर्ता पुरुष हा अर्थ, तेव्हापासून संपत गेला. आता जो प्रॉडक्शन मॅनेजर असतो तो एका चित्रापुरता नेमलेला असतो. त्याला पुढच्या वर्षीच्या पंगतीची काळजी नसते.

बाबूराव मग उरले नट. आणि या उत्तरार्धात त्यांनी जी कामे केली ती पूर्वार्धापेक्षा सरस आहेत. १९४६ साली 'डॉ. कोटणीस की अमर कहानी'त त्यांनी चिनी सेनानी उभा केला. १९५४ साली अत्र्यांनी 'महात्मा फुले' काढला. त्याच्या मुहूर्ताला डॉ. बाबासाहेब आंबेडकर आले होते. सावित्रीबाई झाल्या सुलोचनाबाई, आणि साठीला टेकलेले बाबूराव झाले जोतीराव. ज्यांना लोक वीस वर्षे दुष्ट म्हणून ओळखत होते त्यांना अत्र्यांनी त्या जागी पाहिले, यात अत्र्यांची नजर दिसते. हंसच्या दिवसांत दोघांनी एकमेकांना जवळून पाहिले होते. चित्राला राष्ट्रपतींचे रौप्यपदक मिळाले. जोतीराव हे सुधारक म्हणून आपण जाणतो, पण ते बांधकामाचे कंत्राटदारही होते. खडकवासल्याच्या धरणाच्या कामाला त्यांनी माल पुरवला होता, मजुरांच्या हजेऱ्या आणि अधिकाऱ्यांची टक्केवारी त्यांनी आतून पाहिली होती, आणि त्यावर लिहिलेही होते. हजेरीपट आणि पगारवाटप यांत ज्याचे तारुण्य गेले त्या नटाला जोतीरावांची ही बाजू कुणी समजावून सांगावी लागली नसणार.

१९५७ साली शांतारामांचा 'दो आँखें बारह हाथ' आला. सहा खुनी कैद्यांना भिंतीबाहेर उघड्या माळावर नेऊन माणसात आणण्याचा प्रयोग करणारा आदिनाथ स्वतः शांतारामांनी केला आहे. औंध संस्थानात स्वतंत्रपूरला असा खुला तुरुंग खरोखर चालला होता, त्याचा धागा या कथेत आहे. पुढच्या वर्षी बर्लिनच्या महोत्सवात या चित्राचा गौरव झाला. आदिनाथाचे गाणे, ते शेत, तो बैल सगळ्यांच्या लक्षात आहे. पण त्या प्रयोगाला वरून परवानगी लागते. कैदी पळाले तर जाब ज्याला द्यायचा आहे, तो तुरुंगाचा सुपरिंटेंडेंट टेबलामागे बसलेला दिसतो. शंका त्याच्या चेहऱ्यावर आहे, नियम त्याच्या हाताशी आहेत, आणि तरी तो समोरच्या वेड्या माणसाला जाऊ देतो. ती भूमिका बाबूराव पेंढारकरांची आहे. सदतीस वर्षांपूर्वी कोल्हापुरात ज्या मावसभावाला त्यांनी महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या दारात नेले होते, तोच समोर उभा आहे.

बाबूराव ८ नोव्हेंबर १९६७ रोजी गेले. 'चित्र आणि चरित्र' या नावाने त्यांनी आपल्या आठवणी लिहून ठेवल्या आहेत. ज्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचे ते मॅनेजर होते, तिचे बहुतेक मूकपट आज पाहायला मिळत नाहीत. जुनी फिल्म नायट्रेटची असे, ती पेट घेई, नाहीतर डब्यातल्या डब्यात विरघळून जाई. शिवाय तिच्यातली चांदी काढून घेण्यासाठी लोक ती विकतही. पुस्तक मात्र राहिले आहे. ज्यांच्या घरी ते असेल त्यांनी ते वाचनालयात आणून द्यावे, एवढे मी मंडळाच्या सभासदांना सांगून ठेवतो.